हाकेला ओ देणारी बस

तालुक्याच्या आगारातून संध्याकाळी मुक्कामी एसटी निघते, तेव्हा तिच्यातील चाळीसएक आसनांपैकी पुष्कळदा सहा-सातच भरलेली असतात. म्हणून चालकाचे वेतन, डिझेल किंवा टायरची झीज यांत काही काटकसर होते असे नाही. त्याच रस्त्यावर दुपारी मात्र चित्र उलटे असते. बाजार उरकलेली, दवाखान्यातून निघालेली, बँकेतून निवृत्तिवेतन घेऊन परतणारी माणसे फाट्यावर ताटकळत असतात. पुढची बस तीन तासांनी असते आणि वडापची जीप भरल्याखेरीज हलत नाही. गाडी आहे तेव्हा माणसे नाहीत आणि माणसे आहेत तेव्हा गाडी नाही, ही तक्रार महाराष्ट्रातील बहुतेक तालुक्यांत ऐकू येते. महाराष्ट्राबाहेरही ती फारशी वेगळी नाही.

वेळापत्रक हा अखेर एक अंदाज असतो. अमुक वेळी, अमुक मार्गाने, अमुक इतकी माणसे निघतील असे काही महिने आधी ठरवून गाड्यांची आखणी केली जाते. शाळा, कचेऱ्या, गिरण्या यांच्या वेळा ठरलेल्या असतात, तेथे हा अंदाज सहसा चुकत नाही. मुंबईची लोकल किंवा पुण्यातील गर्दीच्या मार्गावरील बस म्हणूनच भरून वाहते. परंतु विरळ वस्तीत, भरदुपारी, रात्री उशिरा किंवा शहराच्या नव्याने वाढलेल्या कडेला अंदाजाला आधार देणारी गर्दीच नसते. महाराष्ट्र शासनाने ऑगस्ट २०२२ पासून पंचाहत्तर वर्षांवरील ज्येष्ठांना एसटीचा प्रवास विनामूल्य केला आणि मार्च २०२३ पासून महिलांना तिकिटात निम्मी सवलत दिली. दोन्ही निर्णय स्वागतार्ह आहेत. मात्र ज्या वाडीवर दिवसातून एकच गाडी येते, तेथे सवलतही दिवसातून एकदाच मिळते.

एसटीने ‘हात दाखवा, एसटी थांबवा’ ही योजना राबवली, तेव्हा थांब्याचे बंधन थोडे सैल झाले. वेळ आणि मार्ग मात्र ठरलेलेच राहिले. ही दोन बंधनेही सैल केली तर काय होईल? प्रवाशाने आपण कोठून कोठे आणि केव्हा जाणार हे कळवावे, त्याच सुमारास त्याच दिशेने जाणाऱ्या इतरांची मागणी त्यात मिळवली जावी आणि एका लहान बसने सर्वांना गोळा करीत, सोडत जावे. रिक्षाचे लवचीकपण आणि बसचा सामायिकपणा एकत्र आणणाऱ्या या सेवेला ‘मागणीनुसार बस’ असे म्हणता येईल. जगातील अनेक शहरांनी गेल्या पन्नासहून अधिक वर्षांत ती चालवून पाहिली आहे. तिचा इतिहास वाचताना एक गोष्ट पुनःपुन्हा समोर येते. प्रवाशांना ती आवडते, तंत्र कमीअधिक प्रमाणात साधते आणि अडचण उभी राहते ती खर्च कोणी सोसायचा या प्रश्नाशी.

जुनी कल्पना, अपुरी यंत्रे

ही कल्पना भ्रमणध्वनीच्या युगातील आहे असा समज होणे साहजिक आहे. प्रत्यक्षात १९६० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी येथील संशोधक संगणकाच्या साहाय्याने अशा बसचे मार्ग ठरवण्याच्या खटपटीत होते. वरवर सोपे दिसणारे हे काम किती किचकट आहे, ते एका साध्या गणिताने लक्षात येते. समजा, एका गाडीला पाच प्रवासी घ्यायचे आहेत. प्रत्येकाचे चढण्याचे एक आणि उतरण्याचे एक, अशी दहा ठिकाणे झाली. प्रत्येकजण उतरण्यापूर्वी चढला पाहिजे एवढी एकच अट घातली, तरी ही दहा ठिकाणे घेण्याचे १,१३,४०० वेगवेगळे क्रम संभवतात. त्यातून कोणाचाही फार वेळ न मोडणारा क्रम निवडायचा आणि तो निवडून होतो न होतो तोच सहाव्या प्रवाशाचा दूरध्वनी वाजतो.

व्यवहारात संगणक सगळेच क्रम तपासत बसत नाही. आधी स्वीकारलेल्या प्रवाशांना दिलेल्या वेळा न मोडता नव्या प्रवाशाचे चढणे आणि उतरणे कोणत्या गाडीच्या क्रमात कोठे बसवता येईल, एवढेच तो पाहतो. बसत असेल तर होकार, नसेल तर नंतरची वेळ. आपल्याकडील अनुभवी वडापचालक हेच काम मनातल्या मनात करीत असतो. फरक इतकाच की त्याला एक गाडी आणि एक रस्ता सांभाळायचा असतो.

त्या काळात संगणक मोठे, महाग आणि मंद होते. तरीही १९७० च्या दशकात अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, जर्मनी आणि जपान येथे असे प्रयोग सुरू झाले. न्यू जर्सी राज्यातील हॅडनफील्ड येथे १९७२ पासून तीन वर्षे संघराज्य शासनाच्या पैशातून एक प्रयोग चालला. मिशिगनमधील ॲन आर्बर आणि कॅनडातील रिजायना या शहरांनी १९७१ मध्येच दूरध्वनीवर बोलावता येणाऱ्या बस आणल्या होत्या. बोध घेण्यासारखी हकिगत मात्र कॅलिफोर्नियातील सांता क्लारा परगण्याची आहे.

सांता क्लारा म्हणजे आज ज्याला सिलिकॉन व्हॅली म्हणतात तो प्रदेश. परगण्याने नोव्हेंबर १९७४ मध्ये आपल्या विस्तीर्ण हद्दीत ही सेवा एकदम सुरू केली. मागणी इतकी आली की दूरध्वनीच्या वाहिन्या तुंबल्या, असंख्य लोकांना नुसताच व्यस्ततेचा सूर ऐकू येऊ लागला आणि लागलाच तर गाडी मिळेना. टॅक्सी व्यावसायिकांनी न्यायालयात धाव घेतली. सहा महिनेही पुरे न होता, मे १९७५ मध्ये, सेवा गुंडाळून परगणा पुन्हा ठरीव मार्गांच्या बसकडे वळला. संगणकाच्या राजधानीत बस अडली ती दूरध्वनी उचलणारे हात कमी पडले म्हणून, हा योगायोग नमूद करण्यासारखा आहे. त्याहून महत्त्वाची बाब अशी की ही सेवा लोकांना नकोशी झाली म्हणून बुडाली नाही. मागणीच तिला पेलवली नाही.

हेलसिंकीतील पंधरा गाड्या

यंत्रांची अडचण एकविसाव्या शतकात बरीचशी दूर झाली. प्रत्येकाच्या खिशात भ्रमणध्वनी आला, गाडी कोठे आहे हे उपग्रह सांगू लागला आणि लाखभर क्रम तपासणे चुटकीसरशी होऊ लागले. ‘आता ही बस यशस्वी होण्यास काय हरकत आहे?’ हा प्रश्न ज्या शहराने सर्वांत गांभीर्याने विचारला, ते फिनलंडची राजधानी हेलसिंकी.

आल्टो विद्यापीठातील संशोधनातून ‘आयेलो’ नावाची एक लहान कंपनी उभी राहिली होती. तिची संगणकप्रणाली घेऊन हेलसिंकी प्रादेशिक वाहतूक प्राधिकरणाने २०१२ च्या अखेरीस ‘कुत्सुप्लस’ या नावाने चाचणी सुरू केली आणि २०१३ मध्ये ती सर्वांसाठी खुली केली. फिनिश भाषेत ‘कुत्सु’ म्हणजे बोलावणे. नऊ आसनी गाड्यांचा ताफा हळूहळू पंधरापर्यंत नेण्यात आला. येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. हेलसिंकी हे वाहतुकीची वानवा असलेले शहर नव्हे. मेट्रो, ट्राम, उपनगरी रेल्वे आणि बस यांचे चांगले जाळे तेथे होतेच. तरीही शहराच्या एका कडेवरून दुसऱ्या कडेला जायचे तर मध्यभागी येऊन गाडी बदलावी लागे, आणि असे आडवे प्रवास करणारे लोक मोटारीकडे वळत. त्यांना मोटारीवाचून जाता यावे, हा प्राधिकरणाचा हेतू होता.

सेवा वापरण्याची रीत सुटसुटीत होती. प्रवासी संकेतस्थळावर किंवा भ्रमणध्वनीवर आपले निघण्याचे आणि पोहोचण्याचे ठिकाण कळवी. संगणक जवळचा थांबा, येणाऱ्या गाडीची वेळ आणि भाडे सांगे. मान्य असल्यास आगाऊ भरलेल्या खात्यातून रक्कम वळती होई आणि प्रवासी चार पावले चालून थांब्यावर जाई. गाडी दारात येत नसे. ही लहानशी बाब महत्त्वाची होती, कारण प्रत्येकाच्या दारात जाऊ लागलेली बस बस राहत नाही, ती टॅक्सी होते. भाडे साडेतीन युरो आणि त्यावर दर किलोमीटरला पंचेचाळीस सेंट असे होते. म्हणजे साध्या बसच्या तिकिटापेक्षा जास्त आणि टॅक्सीपेक्षा बरेच कमी. गाडीत आपल्यासोबत आणखी दोन-तीन अनोळखी माणसे असत, वाट किंचित वाकडी होई आणि तरीही माणूस गाडी न बदलता पोहोचे.

प्रवाशांना सेवा पसंत पडली. नोंदणी केलेल्यांची संख्या हजारोंनी वाढत गेली, फेऱ्या वर्षागणिक वाढल्या आणि प्रणालीही विश्वासाने चालली. तरीही ३१ डिसेंबर २०१५ रोजी कुत्सुप्लस बंद झाली.

भाड्याच्या उत्पन्नातून खर्चाचा थोडाच भाग निघत होता आणि उरलेला भार प्राधिकरणामागे उभ्या असलेल्या नगरपालिकांवर पडत होता. प्राधिकरणाच्या एकूण अंदाजपत्रकात ही रक्कम नगण्य होती. परंतु प्रवाशांची संख्याही एकूण प्रवाशांच्या मानाने नगण्यच असल्याने दर फेरीमागची तूट डोळ्यांत भरत असे. योजनाकारांचे म्हणणे असे होते की पंधरा गाड्यांवरून या सेवेचा निकाल लावणेच चुकीचे आहे. एवढ्या मोठ्या शहरात पंधरा गाड्या विखुरल्या, तर एकाच वेळी एकाच दिशेने जाणारे दोन प्रवासी एका गाडीच्या टप्प्यात सापडण्याची शक्यता कमी. गाड्या वाढल्या की प्रवासी वाढतील, प्रवासी वाढले की जोड्या अधिक जुळतील आणि जोड्या जुळल्या की दर फेरीचा खर्च उतरेल. म्हणून ताफा टप्प्याटप्प्याने शंभरापर्यंत नेण्याची योजना त्यांनी मांडली. फिनलंडच्या अर्थव्यवस्थेला तेव्हा बरे दिवस नव्हते. पालिकांनी विस्तारासाठी पैसा देण्याचे नाकारले आणि विस्तार नसेल तर सेवा चालू ठेवण्यात अर्थ नाही, असा निष्कर्ष निघाला.

कर्जाचे प्रस्ताव तपासणाऱ्या माणसाला हा पेच परिचयाचा वाटेल. प्रकल्प किमान आकाराला पोहोचला तर फायद्यात येईल, पण त्या आकारापर्यंत नेणारे भांडवल लहान आकारातील तोटा पाहूनच नाकारले जाते. पालिकांचा निर्णय चुकीचा होता असे सरळ म्हणता येणार नाही, कारण शंभर गाड्यांनंतर तूट खरोखर आटोक्यात आली असती याचा पुरावा कोणाकडेच नव्हता. मात्र प्राधिकरणाने एक काम आवर्जून केले. सेवेचा सविस्तर अंतिम अहवाल, त्यातील चुका आणि आकड्यांसह, २०१६ मध्ये जाहीर केला. अपयशाचा असा प्रामाणिक जमाखर्च सार्वजनिक संस्थांकडून क्वचितच वाचावयास मिळतो.

ताशी खर्चाचे गणित

या बसचे अर्थकारण समजण्यासाठी एक काल्पनिक उदाहरण घेऊ. समजा, चालक, इंधन, देखभाल, विमा, कर्जाचा हप्ता आणि नियंत्रण कक्षाचा वाटा धरून एका लहान बसला ताशी ७०० रुपये खर्च येतो आणि प्रवाशाकडून सरासरी ३० रुपये भाडे मिळते. तासाभरात तीन प्रवासी मिळाले, तर दर प्रवाशामागे खर्च सुमारे २३३ रुपये आणि तूट २०३ रुपये. सहा मिळाले तर खर्च ११७ रुपये, तूट ८७ रुपये. बारा मिळाले तर खर्च ५८ रुपयांवर येतो आणि तूट २८ रुपये उरते. आता मोठी बस घेऊ. तिचा ताशी खर्च १,५०० रुपये धरला आणि भर गर्दीत तासाला साठ प्रवासी चढले, तर दर प्रवाशाचा खर्च अवघा २५ रुपये. त्या मार्गावर मागणीनुसार बस आणणे म्हणजे शुद्ध उधळपट्टी होय. पण दुपारी त्याच मोठ्या बसमध्ये तासाला सहाच माणसे चढत असतील, तर खर्च २५० रुपयांवर जातो आणि तेथे ११७ रुपयांची लहान बस किफायतशीर ठरते.

आकडे बदलतील, हिशेबाची दिशा बदलणार नाही. खरी मेख पुढेच आहे. ठरीव मार्गाच्या बसमध्ये एकेचाळिसावा प्रवासी चढला, तर महामंडळाचा खर्च जवळजवळ वाढत नाही. मागणीनुसार बसचा प्रत्येक नवा प्रवासी स्वतःबरोबर एक नवे वळण आणतो. त्याच्यासाठी गाडी वाकडी जाते, आत बसलेल्यांचा वेळ मोडतो आणि एका मर्यादेनंतर दुसरी गाडी आणावी लागते. त्यामुळे विरळ वस्तीत तासाला बारा प्रवासी हा आकडा कागदावर दिसतो तितका सोपा नसतो. दोन-तीन ते आठ-दहा यांच्या दरम्यानच या सेवा बहुधा घोटाळत राहतात. सेवा जितकी लोकप्रिय, तितकी तिची एकूण तूट मोठी, हे तिचे विचित्र दुखणे आहे. साध्या बसच्या बाबतीत लोकप्रियता हाच तुटीवरचा उपाय असतो.

हे गणित मनाजोगे जुळेल या भरवशावर काही खासगी कंपन्याही मैदानात उतरल्या. अमेरिकेतील कॅन्सस सिटी येथे २०१६-१७ मध्ये स्थानिक वाहतूक प्राधिकरणाने एका खासगी कंपनीच्या साहाय्याने दहा गाड्यांनिशी वर्षभराचा प्रयोग केला. वर्षाच्या अखेरीस एकूण फेऱ्या भरल्या १,४८०. दर गाडीला दिवसाकाठी एक फेरीही वाट्याला येत नव्हती. याउलट नॉर्थ कॅरोलिनातील विल्सन या सुमारे पन्नास हजार वस्तीच्या गावाने सप्टेंबर २०२० मध्ये ठरीव मार्गांच्या बस पूर्णपणे बंद करून त्यांच्या जागी मागणीनुसार सेवा आणली आणि तेथील प्रवासीसंख्या दुपटीहून अधिक झाली. कॅन्सस सिटीत चांगल्या चालणाऱ्या वाहतुकीच्या शेजारी एक जोड सेवा काही ठरावीक भागांपुरती आणि ठरावीक वेळांपुरती उभी केली गेली होती. विल्सनमध्ये तीच सेवा गावाची एकमेव बस झाली आणि आधीच्या बसवर खर्च होणारा पैसा तिच्याकडे वळला.

तूट की सेवेची किंमत?

‘तूट’ हा शब्द वापरताना मात्र थोडे थांबावे लागते. रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०१७ मध्ये सत्तर वर्षांवरील आणि दिव्यांग ग्राहकांना रोख रक्कम, धनादेश यांसारख्या मूलभूत सेवा घरपोच देण्याची सूचना बँकांना केली. काउंटरवरच्या एका व्यवहाराच्या खर्चाशी घरपोच व्यवहाराच्या खर्चाची तुलना कोणी केली, तर घरपोच सेवा केव्हाही महागच दिसेल. तरीही पंच्याऐंशी वर्षांच्या निवृत्तिवेतनधारकाच्या घरी जाणारा कर्मचारी तोट्याचा आहे असे कोणतीही शाखा म्हणत नाही. तुलना ज्या पर्यायाशी करायची तो पर्यायच त्या ग्राहकाला उपलब्ध नसतो.

अमेरिकेने हे तत्त्व १९९० च्या दिव्यांगविषयक कायद्यात घातले. ठरीव बसमार्गाच्या दोन्ही बाजूंना पाऊण मैलाच्या पट्ट्यात, जे दिव्यांग प्रवासी साधी बस वापरू शकत नाहीत, त्यांच्यासाठी बोलावल्यावर येणारी गाडी पुरवणे वाहतूक संस्थांवर बंधनकारक झाले आणि तिचे भाडे साध्या भाड्याच्या दुपटीपेक्षा जास्त घेता येत नाही. हा भार संस्थांना जड जातो, पण ही सेवा बंद करण्याचा पर्याय त्यांच्यापुढे नाही.

जपानची वाट याहून वेगळी आणि आपल्याला अधिक जवळची आहे. तेथे ओसाका प्रांतातील नोसे येथे १९७२ मध्येच मागणीनुसार बस धावली होती. पुढे खेडी ओस पडत गेली, तरुण शहरांकडे गेले, बसकंपन्यांनी तोट्याचे मार्ग सोडले आणि मागे उरले वयोवृद्ध. मोटार चालवणे झेपेना म्हणून अनेक वृद्ध आपला वाहन परवाना स्वेच्छेने परत करू लागले. कोची प्रांतातील नाकामुरा शहराने २००० मध्ये संगणकाच्या साहाय्याने चालणारी अशी बस सुरू केली आणि त्यानंतर लहान गावांतून हा प्रकार रुजत गेला. अनेक ठिकाणी गाडी आणि चालक स्थानिक टॅक्सी व्यावसायिकाचे असतात, तुटीचा वाटा पालिका उचलते आणि नोंदणी दूरध्वनीवर माणूसच घेतो. ही शेवटची बाब लहान वाटली तरी तिच्यावर सेवेचे भवितव्य ठरते. ज्याला या बसची सर्वांत अधिक गरज आहे, तोच स्मार्टफोनपासून सर्वांत दूर असतो. जपानने २००६ मध्ये आपल्या रस्ते वाहतूक कायद्यात बदल करून मागणीनुसार चालणाऱ्या बसला अधिकृत स्थान दिले आणि पालिका, व्यावसायिक व रहिवासी यांनी एकत्र बसून स्थानिक सेवा ठरवण्याची व्यवस्था केली.

आपल्याकडील कायदा आणि रस्ता

भारतात ही बस अजिबात नाही असे म्हणणे अर्धसत्य ठरेल. पुणे, बेंगळुरू, हैदराबाद किंवा गुरुग्राम येथील माहिती तंत्रज्ञान कंपन्यांच्या रात्रपाळीची वाहने पाहावीत. उद्या कोण कोणत्या पाळीला आहे, कोणाचे घर कोठे आहे, महिला कर्मचारी एकटी शेवटी उरू नये म्हणून क्रम कसा लावावा, हे सारे संगणक ठरवतो आणि दररोज हजारो गाड्या त्याप्रमाणे धावतात. तंत्राच्या दृष्टीने ती हेलसिंकीच्या गाड्यांची भावंडेच आहेत. ती तगून आहेत याचे कारण उघड आहे: त्यांचा खर्च मालक सोसतो.

दुसऱ्या टोकाला वडाप, काळी-पिवळी, सहा आसनी रिक्षा ही मंडळी आहेत. कोणाच्याही अनुदानावाचून चालणाऱ्या या सेवेची किंमत प्रवासी आपल्या वेळेने आणि अंगाच्या वळकटीने चुकवतो. तुर्कस्तानात अशा गाड्यांना ‘दोल्मुश’ म्हणतात. शब्दाचा अर्थच ‘भरलेली’. भरल्यावर निघणे हा तिचा नियम असल्याने ती मागणीनुसार चालते खरी, पण एकट्यादुकट्याची मागणी तिला ऐकू येत नाही.

या दोन टोकांच्या मध्ये २०१५ पासून मोठ्या शहरांत ॲपवर आसन राखून ठेवण्याच्या वातानुकूलित बस आल्या. त्यांना सरसकट मागणीनुसार बस म्हटले जाते, ते तितकेसे बरोबर नाही. त्यांचा मार्ग आणि वेळ बहुतांशी ठरलेली असते. मागणी पाहून मार्ग आखले जातात एवढेच. कायद्याची अडचण त्यांनाही सोसावी लागली. मोटार वाहन अधिनियम, १९८८ प्रवासी बसची दोन प्रकारांत विभागणी करतो. टप्पा वाहतुकीची बस ठिकठिकाणी प्रवासी चढवू-उतरवू शकते आणि प्रत्येकाकडून वेगळे भाडे घेऊ शकते, पण तिला मार्ग आणि वेळापत्रकाचे बंधन असते. कंत्राटी बसला मार्गाचे बंधन सैल असते, पण ती एका करारान्वये पूर्ण भाड्याने दिलेली असावी लागते. वाटेत कराराबाहेरचा प्रवासी घेता येत नाही. मागणीनुसार बसला पहिलीची आसने आणि दुसरीची वाट हवी असते, आणि कायद्यात तिला नेमके घर सापडत नाही. २०१९ च्या दुरुस्तीने प्रवासी व वाहनचालक यांना जोडणाऱ्या ॲग्रिगेटर संस्थांना कायद्यात स्थान दिले. त्याच आधारे दिल्लीने नोव्हेंबर २०२३ मध्ये प्रीमियम बससाठी स्वतंत्र योजना अधिसूचित केली. मात्र तिचा रोख मोटारीतून फिरणाऱ्या नोकरदाराला बसकडे वळवण्यावर आहे. फाट्यावर थांबलेला प्रवासी तिच्या कक्षेत येत नाही.

लहान प्रमाणात करून पाहण्यासारखे पुष्कळ आहे. जिल्हा रुग्णालयाचा बाह्यरुग्ण दिवस, तालुक्याचा आठवडी बाजार, महिन्याच्या पहिल्या आठवड्यातील निवृत्तिवेतनाचे दिवस, या वेळी कोण कोठून येणार याचा अंदाज आदल्या दिवशी दूरध्वनीवर सहज घेता येईल. आदल्या दिवशीची नोंदणी ऐकायला जुनाट वाटते. परंतु चोवीस तासांचा अवधी मिळाला की संगणकालाही जोड्या जुळवणे सोपे जाते आणि तीनऐवजी सहा प्रवासी एका गाडीत बसतात. शहरी ग्राहकाला पाच मिनिटांत गाडी देण्याच्या अट्टहासानेच या सेवेचा खर्च सर्वांत अधिक वाढवला आहे. गावातल्या माणसाला पाच मिनिटे नको असतात. उद्या सकाळी गाडी नक्की येईल, एवढा शब्द त्याला हवा असतो.

एसटी हे काम एका रूपात अनेक वर्षे करीतच आली आहे. लग्न, सहल, यात्रा यांसाठी प्रासंगिक कराराने गाडी मिळते. आगारात अर्ज करावा, जाण्या-येण्याचे किलोमीटर लिहावेत, पैसे भरावेत, की ठरल्या दिवशी ठरल्या वेळी गाडी दारात उभी राहते. वऱ्हाडाच्या हाकेला ओ देणारी बस महाराष्ट्राच्या चांगली ओळखीची आहे. मात्र हा करार पूर्ण गाडीचा होतो. आठवड्यातून दोनदा डायलिसिससाठी तालुक्याला जाणाऱ्या एखाद्या वाडीवरच्या आजीबाईंना एका आसनापुरता करार करावयाचा असेल, तर त्या अर्जाचा नमुना अजून कोणत्याही आगारात छापलेला नाही.